दादा, ओटीपी सांग

"दादा, ओटीपी सांग!"

गेली नऊ वर्षं आमच्या घरात ही हाक दिवसातून एकदा तरी ऐकू येते. मी अंघोळीला असो, भाईंदरहून सुटलेल्या गाडीत एका पायावर उभा असो, की हापिसात क्लायंटसमोर तोंड वेंगाडून बसलेलो असो, धाकटीचा फोन आला की समजायचं, कुठेतरी लॉगिन करायचंय. कारण तिचं खातं मी उघडून दिलंय आणि त्याला नंबर माझा जोडलाय.

२०१६ मध्ये ती नऊ वर्षांची होती. शाळेच्या कसल्यातरी प्रोजेक्टसाठी ई-मेल हवा होता. मी तेव्हा इंजिनिअरिंगला, म्हणजे घरातला अधिकृत 'कॉम्प्युटरवाला'. फॉर्म भरायला बसलो, जन्मतारीख टाकली, तर म्हणे वय बसत नाही. आता काय करणार? तिचं साल खोडलं आणि सरळ माझी जन्मतारीख ठोकून दिली. खातं झटक्यात उघडलं. तेव्हापासून इंटरनेटच्या लेखी आम्ही दोघं जुळे आहोत :)

२०२५ मध्ये ती खरोखरची अठरा वर्षांची झाली. केक कापून झाल्यावर तिने पहिली गोष्ट काय मागितली असेल? मोबाईल? स्कूटी? छे. म्हणाली, "दादा, त्या खात्याला आता माझा नंबर लाव. आणि तारीख पण बदल."

मी म्हटलं, "करू गं, विकांताला करू."

तो विकांत गेला, पुढचाही गेला. दोन मिनिटांचं काम, पण मी टाळत होतो. का टाळत होतो ते शेवटी सांगतो, कारण त्याआधी बरंच काही वाचनात आलं आणि ते सांगितल्याशिवाय ती गोष्ट नीट कळायची नाही. तर मंडळी, हा लेख 'सज्ञान' ह्या शब्दाबद्दल आहे. चहा घेऊन बसा, जरा लांबलाय.

सुरुवात बँकेपासून. धाकटीच्या नावाने एक अज्ञान खातं होतं. २०१४ मध्ये बाबा गेले, तेव्हा आलेल्या पैशातला तिचा वाटा त्यात ठेवलेला, आणि पालक म्हणून सही आईची. अठरा पूर्ण झाल्यावर ते 'मायनर टू मेजर' करावं लागतं. भाईंदर पूर्वेच्या शाखेत आम्ही तिघं गेलो. फॉर्म, दोन फोटो, आधार, पॅन. खात्यात किती शिल्लक आहे हे दाखवून ते मान्य असल्याची सही, आणि शेवटी तिच्या सहीचा नमुना. कार्टीने आदल्या रात्री अर्धी वही भरून सहीचा सराव केला होता!

सगळं झाल्यावर काउंटरवरच्या बाई आईला म्हणाल्या, "काकू, आता ह्या खात्यावर तुमची सही नाही चालणार हं."

आई हसली. पण पेन पर्समध्ये ठेवताना तिने ते दोनदा उघडून बंद केलं. अकरा वर्षं तिने त्या खात्यातला एक रुपया इकडचा तिकडे केला नव्हता.

आईच्या सहीवरून एक आठवलं. आपल्याकडे १९५६ चा हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायदा आहे. त्यात लिहिलंय की मुलाचा नैसर्गिक पालक बाप, आणि त्याच्या 'नंतर' आई. १९८४ मध्ये लेखिका गीता हरिहरन ह्यांनी मुलाच्या नावाने रिझर्व्ह बँकेचे रोखे घ्यायचे ठरवले आणि पालक म्हणून स्वतःची सही केली. बँकेने अर्ज परत पाठवला: वडिलांची सही आणा, नाहीतर तुम्हीच पालक असल्याचा सक्षम अधिकाऱ्याचा दाखला आणा. नवऱ्याची ह्याला काहीच हरकत नव्हती, दोघं मिळूनच कोर्टात गेले. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल १९९९ मध्ये लागला: 'नंतर' म्हणजे केवळ बाप मेल्यानंतर असं नाही, तो हजर नसेल किंवा लक्ष घालत नसेल तरीही आईच पालक. एका शब्दाचा अर्थ लावायला पंधरा वर्षं. आमच्या आईची सही अकरा वर्षं बिनबोभाट चालली ती बाबा नव्हते म्हणून. ते असते तर १९९९ पूर्वी त्यावर हरकत निघू शकली असती.

बँकेचं काम झालं. मग गावच्या जमिनीचा विषय निघाला. कोकणात आमची काही गुंठे जमीन आहे. (हसू नका, चार आंब्याची झाडं आहेत.) बाबा गेल्यावर वारसनोंद झाली तेव्हा धाकटीच्या नावापुढे सातबाऱ्यावर 'अ.पा.क.' आणि आईचं नाव लागलं. अ.पा.क. म्हणजे अज्ञान पालनकर्ता. आता ती सज्ञान झाली, तर हा शेरा काढायला हवा. सरकारच्या ई-हक्क प्रणालीवर त्यासाठी अर्जाचा वेगळा प्रकारच आहे: 'अ.पा.क. शेरा कमी करणे'. घरबसल्या अर्ज करायचा, वयाचा पुरावा जोडायचा, मग फेरफार होऊन शेरा जातो.

आपल्या महाराष्ट्रात लहान मुलाचं खातं मोठ्याचं करून घ्यायची ही सरकारी, ऑनलाइन आणि चक्क मराठीतली सोय आहे! मी मोठ्या उत्साहाने उतारा डाउनलोड केला, उघडला आणि थंडगार झालो.

अ.पा.क. दोन नावांपुढे होतं. एक धाकटीचं. दुसरं माझं.

बाबा गेले तेव्हा मी सतरा वर्षांचा होतो. काही महिन्यांतच अठरा झालो, मग डिग्री झाली, नोकरी लागली, होम लोन घेतलं, पण गावच्या दप्तरात मी अठ्ठाविसाव्या वर्षीही आईच्या पदराखालचं अज्ञान बाळ! धाकटीचा ओटीपी सांभाळणारा हा थोर पालक स्वतःच अज्ञान निघाला. धाकटी इतकी हसली की तिला ठसका लागला.

पण धंद्याने इंजिनिअर असल्यामुळे मला त्यातली गोम लगेच कळली. कायद्याच्या दृष्टीने मी २०१५ मध्येच सज्ञान झालो, त्यासाठी कुठलाही अर्ज लागत नाही. वय हे जन्मतारखेवरून काढायचं असतं, ते कुठे लिहून ठेवायचं नसतं. पण सातबाऱ्यावर वय नाही, शेरा लिहिलेला आहे. आणि लिहिलेली गोष्ट कोणीतरी जाऊन खोडल्याशिवाय खोडली जात नाही. डेटाबेसवर काम करणाऱ्यांना हे दुखणं ओळखीचं असेल. त्यामुळे आमच्या गावात नातवंडं खेळवणाऱ्या एका काकांच्या नावापुढेसुद्धा अजून अ.पा.क. आहे आणि पालनकर्ती आजी जाऊन वीस वर्षं झालीत.

असो. तर मला प्रश्न पडला, हा अठराचा आकडा आला कुठून?

जुन्या धर्मशास्त्रात सोळा. त्यातही बंगालचे पंडित म्हणत पंधरा पूर्ण झाली की पुरे, बाकीचे म्हणत सोळा पूर्ण व्हायला हवीत. मुसलमानी कायद्यात वयात आलं की सज्ञान, आणि ते नक्की ठरवता येत नसेल तर पंधरा. इंग्रजांच्या मायदेशी एकवीस. म्हणजे मुंबईत एकाच पेठेत, एकाच वयाच्या तीन पोरांपैकी कोण कर्जरोख्यावर सही करू शकतो हे त्याच्या धर्मावर आणि शाखेवर अवलंबून! सावकारांची केवढी पंचाईत.

कंपनी सरकारने १७९३ मध्येच बंगालच्या जमीनदारांपुरता पंधराचा आकडा वाढवून अठरा केला होता, कारण पंधरा वर्षांच्या पोरांच्या हातात इस्टेटी टिकत नव्हत्या. मुंबई इलाख्यातही १८६४ च्या अज्ञानांविषयीच्या कायद्यात अठराच धरले होते. मग २ मार्च १८७५ ला सगळ्यांसाठी एकच कायदा आला, इंडियन मेजॉरिटी ॲक्ट. हिंदुस्थानात राहणारा माणूस अठरा पूर्ण झाला की सज्ञान. मात्र कोर्टाने पालक नेमला असेल किंवा मालमत्ता कोर्ट ऑफ वॉर्ड्सकडे असेल तर एकवीस. हे एकविसाचं शेपूट १९९९ मध्ये छाटलं गेलं.

ह्या कायद्यात वय मोजायची रीतही दिली आहे आणि ती वाचून माझ्यातला प्रोग्रामर खूष झाला. जन्माचा दिवस हा पूर्ण दिवस धरायचा, मग तुम्ही रात्री अकरा वाजता का जन्मला असेनात, आणि अठराव्या वाढदिवसाचा दिवस सुरू होताक्षणी तुम्ही सज्ञान. म्हणजे मध्यरात्री बारा वाजता. 'एकाने चुकणं' हा आमच्या धंद्यातला सगळ्यात जुना रोग, पण १८७५ च्या ह्या लोकांनी त्याचा आधीच बंदोबस्त करून ठेवला होता. आणि गंमत बघा, आज दीडशे वर्षांनंतरही हाच कायदा चालू आहे. खुद्द इंग्लंडने एकविसाचं अठरा केलं ते १ जानेवारी १९७० पासून. आपल्या मतदानाचं वय तर २८ मार्च १९८९ पर्यंत एकवीसच होतं, एकसष्टाव्या घटनादुरुस्तीने ते अठरावर आलं. म्हणजे ११४ वर्षं अठराचा माणूस जमीन विकायला सज्ञान होता, पण मत द्यायला अज्ञान.

पण खरी मेख पुढे आहे. १८७५ च्या कायद्याने चार गोष्टी मुद्दाम बाहेर ठेवल्या: लग्न, मेहेर, घटस्फोट आणि दत्तक. धर्माच्या बाबतीत हात घालायचा नाही, हे सरकारचं धोरण. कागदावर साधी चौकट वाटते. त्या चौकटीत कोण सापडलं बघा.

मुंबईची रखमाबाई, जन्म १८६४. अकराव्या वर्षी तिचं लग्न दादाजी भिकाजी ह्यांच्याशी झालं, म्हणजे हा कायदा आला साधारण त्याच सुमारास. त्या कायद्याप्रमाणे ती अठरा होईपर्यंत साधा करार करू शकत नव्हती. पण अकराव्या वर्षी तिच्या वतीने दुसऱ्यांनी लावून दिलेलं लग्न मात्र तिच्यावर जन्मभर बंधनकारक. ती सावत्र वडिलांच्या, डॉ. सखाराम अर्जुन ह्यांच्या घरी वाढली, शिकली आणि मोठी झाल्यावर म्हणाली, मी नांदायला जाणार नाही. १८८४ मध्ये दादाजींनी दावा लावला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्हे ह्यांनी निकाल तिच्या बाजूने दिला: जिला कळायच्या आत लग्न लावून दिलं, त्या बाईला आता बळजबरीने पाठवता येत नाही. ह्याच काळात ती 'टाइम्स ऑफ इंडिया'त 'एक हिंदू स्त्री' अशा टोपण सहीने पत्रं लिहीत होती. अपिलात तो निकाल फिरला आणि मार्च १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन ह्यांनी फर्मावलं: नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात. ती म्हणाली, तुरुंग चालेल. शेवटी १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली. रखमाबाई लंडनला गेली, १८९४ मध्ये डॉक्टर झाली आणि पुढे सुरत-राजकोटला तिने कित्येक वर्षं दवाखाने चालवले.

मी ही हकीकत शाळेत एका ओळीत वाचली होती. आता वाचताना वेगळंच दिसलं. तिचं म्हणणं एवढंच होतं की माझ्या लहानपणी तुम्ही माझ्या नावाने 'मान्य आहे'वर टिचकी मारलीत, आता मी मोठी झाल्ये, तर तो प्रश्न मला एकदा विचारा. त्या खात्यात 'मायनर टू मेजर'चा फॉर्मच ठेवलेला नव्हता.

ह्याच धुरळ्यातून १८९१ चा संमतीवयाचा कायदा आला. त्याने वय वाढवलं ते किती? दहाचं बारा! तेवढ्यावरून पुण्यात रान पेटलं. टिळक विरोधात: सरकारने आमच्या घरात लुडबुड करू नये. आगरकर, भांडारकर बाजूने. पुढे १९२९ च्या सारडा कायद्याने मुलींच्या लग्नाचं वय चौदा केलं, स्वातंत्र्यानंतर १९४९ मध्ये पंधरा, आणि अठरा व्हायला १९७८ साल उजाडलं. जमिनीसाठी अठरा १८७५ मध्ये, स्वतःच्या लग्नासाठी अठरा त्यानंतर १०३ वर्षांनी. पोरीपेक्षा पोरीच्या जमिनीची काळजी सरकारला आधी वाटली, असं म्हणायला हरकत नाही.

आता माझ्या पापाकडे वळतो, म्हणजे खोट्या जन्मतारखेकडे. ह्यावरही एक जुना खटला आहे आणि वकिलीच्या प्रत्येक विद्यार्थ्याला तो पाठ असतो. १८९५, कलकत्ता. धर्मोदास घोष नावाच्या तरुणाने आपली मालमत्ता सावकार ब्रह्मो दत्तकडे वीस हजारांच्या कर्जासाठी गहाण टाकली. कायद्याने तो अज्ञान होता. सावकाराच्या वतीने केदारनाथ मित्तर हा माणूस सगळं बघत होता. धर्मोदासच्या आईच्या वकिलाने गहाणखताच्या काही दिवस आधी त्याला पत्र पाठवून कळवलं होतं की पोरगा अज्ञान आहे, पैसे द्याल तर जबाबदारी तुमची. तरी व्यवहार झाला. आणि वर पोराकडून एक लांबलचक निवेदन लिहून घेतलं की मी सज्ञान झालो आहे आणि माझ्या ह्या शब्दावर विसंबून हे मला पैसे देत आहेत.

ओळखीचं वाटतंय का? 'माझे वय अठरा वर्षांहून अधिक आहे' ह्या चौकटीची ही १८९५ ची आवृत्ती!

खटला लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला. तोवर ब्रह्मो दत्त वारला होता आणि त्याची बायको मोहोरी बीबी लढत होती. १९०३ मध्ये निकाल लागला: अज्ञान माणसाने केलेला करार मुळातच शून्य. आणि त्या निवेदनाचं काय? कोर्ट म्हणालं, पोराने खोटं सांगून फसवलं असं तुम्ही म्हणूच शकत नाही, कारण तुमच्या माणसाला खरं माहीत होतं. ज्याला खरं ठाऊक आहे तो फसलो म्हणून रडू शकत नाही.

हे वाचून मी बराच वेळ पंख्याकडे बघत बसलो. नऊ वर्षांच्या पोरीच्या खात्यावर कार्टून बघितली जातायत, पाचवीचं इंग्रजी व्याकरण शोधलं जातंय, तर ते खातं मोठ्या माणसाचं नाही हे तिकडच्या यंत्राला कळत नसेल? त्यांनाही माहीत, मलाही माहीत. चौकटीवर टिचकी मात्र मारून ठेवलेली. तिचं खोटं वय हे तिचं खोटं नव्हतंच मुळी, ते माझं होतं.

ऑनलाइन जगातला तेरा हा आकडा अमेरिकेतून आला. तिथे १९९८ मध्ये मुलांच्या खाजगीपणाचा कायदा झाला: तेराच्या आतल्या मुलांची माहिती गोळा करायची तर आईबापांची परवानगी घ्या. बऱ्याच कंपन्यांनी परवानगीची कटकट टाळून तेराच्या आतल्यांना दारातच अडवलं आणि जगभरच्या पोरांनी (आणि त्यांच्या दादांनी) जन्मसाल बदलून घेतलं. आपल्याकडे २०२३ मध्ये डिजिटल वैयक्तिक माहितीचा कायदा आला. त्याने तेरा घेतलं नाही, १८७५ चंच अठरा उचललं. अठराच्या आतल्या मुलाची माहिती वापरायची तर पालकाची पडताळता येईल अशी संमती हवी. मुलांचा माग काढून त्यांच्यावर जाहिराती सोडायला बंदी. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये जाहीर झाले आणि बऱ्याच अटी पाळायला कंपन्यांना दीड वर्षाची मुदत मिळाली. गंमत म्हणजे त्याच २०२५ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दहा वर्षांच्या पुढची मुलं स्वतःचं बचत खातं स्वतः चालवू शकतात, मर्यादा बँकेने ठरवाव्यात. म्हणजे पैशाला दहा, ई-मेलला अठरा. आपल्याकडे आकड्यांचं हे असंच असतं. आमच्या मीरा-भाईंदरचंच बघा ना, १९८५ ची नगरपालिका आणि २००२ ला महानगरपालिका, सतराव्या वर्षीच सज्ञान!

आता ते टाळाटाळीचं.

पालकाच्या हातात दुसऱ्याचा कारभार असतो, तेव्हा तो सोडणं किती अवघड, ह्याच्या दोन गोष्टी आपल्याच इतिहासात आहेत. पहिली सवाई माधवरावांची. नारायणरावांच्या खुनानंतर, १८ एप्रिल १७७४ ला पुरंदरावर जन्म. चाळीस दिवसांचे असताना पेशवाईची वस्त्रं. आई गंगाबाई १७७७ मध्ये गेल्या. कारभार नाना फडणविसांचा. नानांची नियत वाईट होती असं कोणी म्हणणार नाही. राघोबा, इंग्रज, निजाम, सगळ्यांपासून त्यांनी ते मूल आणि ते राज्य सांभाळलं. पण मूल मोठं झालं तरी सांभाळणं थांबलं नाही. राघोबांचा मुलगा बाजीराव तेव्हा शिवनेरीवर नजरकैदेत होता. तोही साधारण त्याच वयाचा. ग्रँट डफ लिहितो की ह्या चुलत काका-पुतण्यात चोरून पत्रव्यवहार सुरू झाला आणि नानांना ते कळलं. नाना तरुण पेशव्याला रागावले, पहारे कडक झाले. ऑक्टोबर १७९५ मध्ये सवाई माधवराव शनिवारवाड्यात वरच्या मजल्यावरून पडले आणि २७ तारखेला गेले. अपघात की आत्महत्या, ह्यावर इतिहासकारांचे वाद आहेत. वय एकवीस. कारभार तेव्हाही नानांकडेच होता.

दुसरी गोष्ट नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याच्या एका शेतकऱ्याच्या पोराची. १८७५ मध्येच, कायद्यानंतर तीन महिन्यांनी, २७ मे रोजी बडोद्याच्या जमनाबाईंनी त्याला दत्तक घेतलं. तेच सयाजीराव गायकवाड. वय बारा. कारभार दिवाण सर टी. माधवराव बघत. त्यांनी काय केलं? अधिकार सोपवायची वेळ आली तेव्हा तरुण महाराजांना राज्य कसं चालवावं ह्यावर एकामागून एक व्याख्यानं दिली. 'मायनर हिंट्स' ह्या नावाने ती छापली गेली आहेत. मग २८ डिसेंबर १८८१ ला, महाराज अठरा पूर्ण असताना, पूर्ण अधिकार दिले आणि पुढच्याच वर्षी दिवाणजी बाजूला झाले. त्या राजाने पुढे १९०६ मध्ये आख्ख्या राज्यात प्राथमिक शिक्षण सक्तीचं केलं. कोल्हापूरच्या शाहू महाराजांचंही तसंच: १८८४ मध्ये दत्तक, २ एप्रिल १८९४ ला अधिकार, आणि आठ वर्षांनी पन्नास टक्के जागा मागासवर्गीयांना राखून ठेवणारा तो जाहीरनामा.

मी स्वतःला माधवराव दिवाण समजत होतो. पण मी नाना फडणवीस होतो, तेही त्यांची हुशारी वजा जाऊन.

धाकटी पंधरा वर्षांची असताना एका रात्री मी तिचं खातं उघडलं होतं. ओटीपी माझ्याच फोनवर येतो, अडवणार कोण? एका मुलाशी गप्पा होत्या. वाईट काही नाही, परीक्षा, गाणी, थोडं बाबांबद्दल. बाबांबद्दल ती आमच्याशी कधीच बोलायची नाही, त्याच्याशी बोलली होती. मी आईला सांगितलं. आई तिला बोलली. तो मित्र बंद झाला. मला कोणी काही विचारलं नाही आणि मीही कधी बोललो नाही. तिला माहीत होतं की नाही, हेच मला तीन वर्षं माहीत नव्हतं. नंबर बदलायला बसलो की हा विषय निघेल, म्हणून मी विकांत टाळत होतो.

चौथ्या रविवारी तिला बरोबर घेऊन खाडीच्या बाजूला चक्कर मारली. पाण्यापलीकडे वसई दिसत होती. तिथेच ३१ डिसेंबर १८०२ ला बाजीरावाने इंग्रजांशी तह करून स्वातंत्र्य गहाण टाकलं. हो, तोच शिवनेरीवरचा पत्र लिहिणारा मुलगा. सवाई माधवरावांच्या मागे पेशवा तोच झाला. मी तिला हे सगळं ऐकवत होतो, इतिहासाच्या आडोशाने मुद्द्याकडे सरकत होतो.

ती मध्येच म्हणाली, "दादा, मला माहित्ये तू वाचलेलंस. नवीन ठिकाणाहून लॉगिन केलं की मेल येतो रे. इंजिनिअर ना तू?"

मी सॉरी म्हटलं. ती काही बोलली नाही, बराच वेळ. मग म्हणाली, "बाबांबद्दलचं ते तू आईला नव्हतं सांगायला पाहिजेस. बाकीचं ठीके."

घरी येऊन बसलो. जन्मतारीख खरी टाकली. माझा नंबर काढून तिचा टाकायचा, तर त्यासाठी आधी जुन्या नंबरवर एक शेवटचा ओटीपी येतो. फोन वाजला. ती पलीकडच्या खुर्चीवर, दोन हातांवर.

"दादा, ओटीपी सांग."

सहा आकडे सांगितले. झालं.

आता माझा फोन बराच शांत असतो. गाडीत खांबाला धरून उभा असताना मध्येच खिशाला हात जातो, एवढंच. ई-हक्कवर दोघांचा अर्ज एकदमच केलाय, शेरा कमी झाला की आईला पहिला उतारा दाखवणार आहे. तुमच्यापैकी ज्यांच्या घरी वडील लहानपणी गेलेले असतील, त्यांनी आपला सातबारा एकदा उघडून बघा. कदाचित तुम्हीही अजून अज्ञान असाल.

चूभूद्याघ्या.